कुंपणात गुदमरलेला उतार

मी डॉर्सेट परगण्यातल्या खडूच्या टेकडीचा एक उतार बोलतोय. समुद्रातल्या सूक्ष्म जिवांच्या कवचांनी माझं अंग घडलं. पुढे समुद्र मागे सरला आणि मी उघडा पडलो. माझ्यावर माती जेमतेम चार बोटं. तेवढ्यावर रानओवा पसरतो, त्याच्या मुळाशी मुंग्या राहतात, आणि मुंग्यांच्या वारुळात निळ्या फुलपाखरांच्या अळ्या वाढतात.

सायलस ट्रिम या मेंढपाळाच्या मेंढ्या माझ्यावर चरायच्या. पाठ खाजवून घेतल्यासारखं बरं वाटायचं.

पुढे मला संरक्षित ठरवलं गेलं, तेव्हा निसर्ग मंडळाच्या मिस पार्जिटर तारेची भेंडोळी घेऊन आल्या. त्यांचा माझ्यावर फार जीव.

"सायलस, तुमच्या मेंढ्या माझी फुलं खातात."

"बाई, त्यांच्या दातांमुळेच ती उगवतात."

"मग ते दात तुमच्या परसात ठेवा!"

कुंपण झालं. रविवारी माणसं तारेबाहेर उभी राहून चहा प्यायची, देवळात आल्यासारखी हळू बोलायची. इकडे गवत गुडघाभर वाढलं. रानओवा त्याखाली घुसमटला, जमीन थंड पडली, मुंग्या निघून गेल्या. तिसऱ्या वर्षी एकही निळा पंख दिसला नाही.

तपासणीला आलेले अधिकारी वाईट वाटून म्हणाले, "आणखी तीन उन्हाळे वाट पाहू. नाहीतर संरक्षित जागांच्या यादीतून नाव जाईल." शेजारच्या जमीनदाराचा नांगर माझ्याकडे डोळा लावून होताच.

त्याच संध्याकाळी मिस पार्जिटर मुरंब्याची बरणी घेऊन सायलसच्या दारात गेल्या. आधी वाऱ्याबद्दल बोलल्या, मग ढगांबद्दल. माफी मागायची तिथली रीतच तशी.

"तार कापायची कात्री आहे का हो?" शेवटी त्या म्हणाल्या.

"कात्री आहे. हातही आहेत. पण फुलं झडल्यावर आणतो मेंढ्या, म्हणजे तुम्ही रडणार नाही."

"मी कधी रडले?"

"मग डोळ्यांत काय, मुरंबा?"

मेंढ्या तीन हिवाळे चरल्या. तिसऱ्या उन्हाळ्यात ऑगस्ट सरत आला, तरी काही नाही. एका दुपारी मिस पार्जिटर माझ्यावर चक्क पालथ्या पडून शोधत होत्या. रानओव्यावर एक निळं फुलपाखरू येऊन बसलं. त्यांनी श्वास रोखला. मीही रोखला असता, पण खडूला ते जमत नाही.

यादीत माझं नाव राहिलं. आता मी लेंड्यांनी भरलेला, खुरांनी ओरखडलेला आहे आणि सुखात आहे. बाबांनो, माझ्यावर माया कराच. पण जवळ या, बसा, मला थोडं तुडवा.