फळ्यावर नसलेली वाक्ये

शनिवार, १४ जून १९३०. सकाळी सहा वाजून चाळीस मिनिटांनी वाचनालयाचे कारकून वेणीमाधव यांनी दारावरच्या फळ्यावरचा हुकूम ओल्या फडक्याने पुसून टाकला.

सोलापुरात लष्करी अंमल सुरू होऊन महिना उलटला होता. हुकूम पुसणाऱ्यास शिक्षा होईल, असे त्या हुकमाच्याच शेवटच्या ओळीत लिहिले होते, आणि ती ओळ वेणीमाधवांच्याच अक्षरात होती.

स्टेशनकडे जाणाऱ्या रस्त्यावरचा हा फळा मुळात सुविचाराचा. अकरा वर्षे वेणीमाधवांनी त्यावर रोज एक वचन लिहिले. वचन नेहमी ग्रंथातले, वहीत पानाच्या आकड्यासह टिपून ठेवलेले. स्वतःचा एक शब्दही त्यांनी कधी त्यात घातला नव्हता. कारकुनाने स्वतःचे सांगू नये, असे त्यांचे मत होते. गिरणीत जाणारे लोक जाता जाता मान वळवून फळा वाचत आणि पुढे जात. मे महिन्यात वाचनालयाच्या समितीने तो फळा सरकारी हुकमांसाठी द्यायचे ठरवले. मग वचन गेले आणि 'रात्री घराबाहेर पडू नये, पाच इसमांनी एकत्र उभे राहू नये' हे आले. हे वाचायलाही लोक चौघेचौघेच थांबत. समोरच्या पानपट्टीवरून रेवणसिद्ध ओरडे, "पाचवा कोण तो? मागं सर की! वाचता वाचता आत जाशील!"

अठ्ठावीस मेला, बुधवारी, केराबाई प्रथम आली. भवानी पेठेत राहणारी, मूळची सांगोल्याकडची धनगराची बाई. मुलगा गुंडा गिरणीत कामाला होता. त्याच्या हातात निशाण सापडले म्हणून लष्करी कोर्टाने त्याला अठरा महिन्यांची सजा दिली होती. सजा ऐकल्यापासून त्याने अन्न सोडले होते. हट्टाने नव्हे. "आये, मी हितनं जित्ता भायेर पडत न्हाई," एवढेच बोलून तो भिंतीकडे तोंड करून पडे. तुरुंगात रविवारी आणि बुधवारी पाच मिनिटे भेट मिळे. शिपाई मध्ये उभा असे आणि घरगुती बोलण्याखेरीज काही बोलायची मुभा नसे.

"मास्तर, आज फळ्यावर काय लिवलंय?" केराबाईने विचारले. "गुंडा रोज हितं वाचून कामावर जायाचा. घरी आला की मला सांगायचा. त्येला तेवढंच सांगीन म्हणते. दुसरं मला काय येतंय?"

फळ्यापाशी दोघे उभे होते. वेणीमाधवांनी फळ्याकडे पाहिले. पाच इसमांनी एकत्र उभे राहू नये. हे त्या पोराला काय सांगायचे? वही आत कपाटात होती. त्यांच्या तोंडून निघून गेले, "विहीर आटली म्हणजे पाणी मेलं असं नव्हे. ते खाली गेलं."

"खरं हाय की," केराबाई म्हणाली. "आमच्याकडं खालीच खंदत्यात." ती तेच वाक्य पुटपुटत निघून गेली.

उभ्या असलेल्या दोघांनी एकदा फळ्याकडे आणि एकदा वेणीमाधवांकडे पाहिले. रेवणसिद्धाने मात्र रस्ता ओलांडून येऊन फळा नीट वाचला. "पंत, तुमची विहीर कुठल्या ओळीत आहे हो?"

"गप्प बस," वेणीमाधव म्हणाले.

रविवारी ती परत आली. गुंडा उठून बसला होता म्हणे, पाणी प्याला होता. त्या दिवशी वेणीमाधवांनी कातरलेल्या मेंढराचे सांगितले: लोकर थंडीच्या आत परत येते.

"हे कुणी लिवलंय?"

"थोरांचं वचन आहे."

"थोरांच्यात धनगर बी असत्यात व्हय?" केराबाई प्रथमच हसली. "पर थंडीच्या आत यायची तर कातरणी येळेवर व्हाया पायजे. थोरांस्नी सांगा."

अशी पाच वाक्ये झाली. भेटीच्या दिवशी फळ्यापाशी जे कोणी असत, ते केराबाई येताना दिसली की आपोआप गप्प होत. एक म्हातारा विणकर तर एकदा फळ्याकडे बोट दाखवून "बराबर, असंच लिहिलंय," म्हणाला. त्याला मराठी वाचता येत नव्हते. अकरा जूनला केराबाई सांगत आली की गुंडाने दोन भाकरी खाल्ल्या. आणि आणखी एक बातमी होती.

"शनवारी त्येला येरवड्याला न्हेणार. सकाळच्या गाडीला. लारी ह्याच रस्त्यानं टेसनावर जाती म्हणं. तो म्हणाला, आये, ह्या बारीला तू सांगू नगं, मी माझ्या डोळ्यानं वाचतो." तिने हात जोडले. "अक्षरं मोठी काढा मास्तर. लांबनं दिसाय पायजेत."

वेणीमाधव त्या दिवशी जेवले नाहीत. गुरुवारी सकाळी ते मुद्दाम भवानी पेठेत केराबाईच्या दारापर्यंत गेले. खरे काय ते सांगून टाकावे, असे त्यांनी ठरवले होते. ती दारात जोंधळे निवडत बसली होती. "केराबाई, त्या फळ्याचं असं आहे..." त्यांनी सुरुवात केली.

"दोन भाकरी, मास्तर," ती म्हणाली. "मोजून दोन. शिपायानंच सांगितलं."

ते ताक पिऊन परत आले.

शुक्रवारी ते वाचनालयाचे चिटणीस शरच्चंद्र वकील यांच्याकडे गेले. फक्त एका सकाळपुरता फळा मिळावा, अशी विनंती त्यांनी केली. वकिलांनी चष्मा काढला.

"कशासाठी?"

"एक वचन लिहायचं आहे."

"कोणाचं?"

"माझंच."

"पंत, अकरा वर्षांत तुम्ही एक दिवस रजा मागितली नाहीत, आणि मागायला निघालात तर हे? फळा आता आपला नाही. शेजारी दुसरा टांगलात तर तोही आपला राहणार नाही. मी तुम्हाला परवानगी देत नाही. उद्या काही झालं, तर मी ती दिली नव्हती असंच सांगेन."

"तसंच सांगा," वेणीमाधव म्हणाले.

शनिवारी सकाळी पुसलेला फळा वाळायला पाच मिनिटे गेली. उरलेल्या वेळात त्यांनी वितीएवढ्या अक्षरांत एकच ओळ लिहिली: 'अठरा महिने मोजता येतात. जे मोजता येते ते सरते.' खाली ग्रंथाचे नाव नव्हते आणि पानाचा आकडाही नव्हता. रेवणसिद्धाने पानपट्टीच्या फळ्या उघडता उघडता ती ओळ वाचली. मग ती पुन्हा एकदा वाचली.

सात वाजून पाच मिनिटांनी लॉरी आली. मागचा ताडपत्रीचा पडदा एका बाजूने बांधलेला आणि दुसऱ्या बाजूने सुटा होता. वेणीमाधव फळ्याच्या बाजूला सरून उभे राहिले. लॉरी थांबली नाही आणि तिचा वेगही कमी झाला नाही. सुट्या बाजूला एक माणूस बसलेला होता, असे रेवणसिद्ध सांगतो. तो गुंडा होता का, आणि त्याने मान वळवली का, हे तो सांगू शकत नाही. लॉरीमागे धूळ फार होती. केराबाई त्या वेळी स्टेशनवर होती; तिला फाटकाच्या आत सोडले नाही.

साडेसातला हवालदार आला. त्याने फळा वाचला, उतरवून घेतला आणि वेणीमाधवांना सोबत नेले. हुकूम कोणी पुसला, या प्रश्नाला त्यांनी "मी" असे उत्तर दिले. ही ओळ कोणाची, या प्रश्नालाही तेच उत्तर दिले. सोमवारी समितीने ठराव करून त्यांना कामावरून कमी केले.

तीस जूनला लष्करी अंमल उठला. वेणीमाधवांच्या खटल्याचे काय होणार, हे त्या दिवशी कचेरीत कोणालाही सांगता आले नाही. ते अजून कोठडीतच आहेत.

नऊ जुलैला केराबाईच्या नावाने येरवड्याहून एक छापील कार्ड आले. ते तिने रेवणसिद्धाकडून वाचून घेतले. कैदी पोचला, प्रकृती साधारण, पुढील पत्र तीन महिन्यांनी. जेवणाविषयी त्यात काही लिहिलेले नाही.