पहिला शेजारी

आमच्या ट्वेंटेत, हॉलंडच्या या पूर्वेकडच्या टोकाला, घर घेतलं की शेजारी आयता मिळतो, तो निवडता येत नाही. कुठल्या घराचा पहिला शेजारी कोण, हे आमच्या पणज्यांच्याही आधी ठरून गेलंय. ते नातं घराला चिकटलेलं असतं, माणसाला नाही. माणसं भांडोत नाहीतर मरोत, पण गाय अडली की पहिल्या शेजाऱ्यानं धावून यायचं, बाळ झालं की मनुकांचा हातभर पाव घेऊन यायचं, आणि कोणी गेलं की प्रेत धुण्यापासून खांदा देण्यापर्यंत सगळं आपल्या अंगावर घ्यायचं. घरच्यांनी त्या दिवसांत फक्त रडायचं, कॉफीचं भांडंसुद्धा उचलायचं नाही. अशा माणसाला आम्ही 'नोबर' म्हणतो. शहरात 'ब्यूर' म्हणतात, पण तिथं त्याचा अर्थ एवढाच की याची भिंत आपल्या भिंतीला लागून आहे आणि याचा टीव्ही मोठ्यानं चालतो.

ग्राड्स हावेरकाम्प आणि एगबर्ट हे एकमेकांचे पहिले शेजारी. आणि तीस वर्षं दोघं एकमेकांशी एक शब्द बोलले नव्हते. सरकारनं शेतांची फेरवाटणी केली तेव्हा ग्राड्सच्या बापानं लावलेली ओकची रांग एगबर्टच्या वाट्याला गेली, आणि या शहाण्यानं पहिल्याच हिवाळ्यात ती सगळी आडवी केली. सावलीत मका येत नाही म्हणे. ग्राड्स बायकोला म्हणाला, "आजपासून तो मला मेला." तेव्हापासून मधल्या घरात राहणारी मी, फेना, या दोघांची टपालपेटी झाले. माझं घर मागाहून बांधलेलं, म्हणून मी मध्ये असूनही कोणाची पहिली नाही. माझा नवरा गेला तेव्हा दोघांनीही खांदा दिला. एक पुढं, एक मागं. शवपेटी सरळ नेली, पण एकमेकांकडं पाहिलं नाही. असले हे दोघे गाढव.

यंदा हिवाळ्यात ग्राड्सची फुप्फुसं गेली. जन्मभर गवताची धूळ खाल्ली, दुसरं काय होणार. डिकानं, म्हणजे त्याच्या बायकोनं, पुढच्या खोलीत खिडकीशी त्याचा पलंग लावला. मी रोज जाऊन बसायचे. एक दिवस तो धापा टाकत म्हणाला, "मला त्या अंत्यसंस्कार कंपनीच्या भाड्याच्या पोरांनी उचलायचं नाही. आपल्या मोठ्या दारातून जायचं, शेजाऱ्यांच्या खांद्यावर."

"आणि शेजारी म्हणजे कोण?" मी विचारलं. "एगबर्टच ना? मग बोलाव त्याला."

"येईल तो. त्याचं कामच आहे ते."

"न सांगता कसा येईल? नियम काय तुझ्यासाठी बदलायचा?"

"झाडं तोडताना कुठं होता त्याचा नियम?"

सुंभ जळला तरी पीळ जात नाही, म्हणतात ना, तसं. बोलायला श्वास पुरत नव्हता, पण भांडायला पुरत होता. आणि नियम तर लहान पोराला माहीत. पहिल्या शेजाऱ्याला सांगायला घरच्याच माणसानं जायचं. त्याच्या उंबऱ्यावर उभं राहून तोंडानं सांगायचं. फोन चालत नाही, माझ्यासारखी टपालपेटी चालत नाही. न सांगता जो आला तो शेजारी नव्हे, आगाऊ.

स्वयंपाकघरात मी डिकाला धरलं. "तू जा. तुझ्या पायाला काय झालंय?"

ती बटाटे सोलत होती, मान वर केली नाही. "तो आहे तोवर त्या दाराची पायरी चढणार नाही, असं वदवून घेतलंय माझ्याकडून. लग्न केलंय त्याच्याशी, फेना."

"आणि गेल्यावर?"

"गेल्यावर पहिली तिथंच जाईन. त्याला हवं तसंच त्याला नेऊ. एवढं एकच राहिलंय माझ्या हातात."

मग मी एगबर्टकडं गेले. अंगणात दोरीवर त्याचा काळा सूट लटकत होता.

"सूट कशाला वाळत घातलायस?" मी म्हटलं.

"कसर लागते."

"कसर लागते म्हणे. मला शिकवतोस?"

तो हसला नाही. त्यानं खांदा देणाऱ्या सहाजणांची सगळी जुळवाजुळव करून ठेवली होती. पलीकडच्या गावातले दोन पुतणे, त्यांचे दोन मित्र, वाकड्या वाटेवरच्या घरातला कॅस्पर, आणि पुढं डावीकडं तो स्वतः.

"तू? तुझ्यानं दुधाची बादली उचलत नाही आता."

"ग्राड्स तरी कितीसा उरलाय? चादरीएवढा असेल."

हे बोलताना तो सुटाच्या बाहीवरची नसलेली धूळ झटकत होता. मला त्याची इतकी दया आली की चीडच आली. "मग जा ना आत्ता. जिवंतपणी भेट. दोन पावलांवर तर आहे."

"डिकानं यायला पाहिजे, फेने. दारात नुसती उभी राहिली तरी पुरे. मी ओक तोडले, आता नियमही तोडू?"

परत येताना कॅस्परकडं डोकावले. तो आणि त्याची बायको लुस उट्रेख्त शहरातून आलेत. घोडे आहेत, अंगणात पांढरी खडी आहे, माणसं वाईट नाहीत. मला हाक मारतात ती "शेजारीणबाई" म्हणून, अगदी तोंड भरून. कॅस्पर म्हणाला, "खांदा द्यायला बोलावलं हा माझा मानच आहे. फक्त दिवस आधी कळला तर बरं, मंगळवार आणि गुरुवार माझे ऑफिसात असतात." मी म्हटलं, ग्राड्सला विचारून सांगते. त्याला ते खरं वाटलं.

पण मला त्या दिवशी हायसं वाटलं होतं, हे कबूल करायला हवं. वाटलं, तीस वर्षांचा हा मूर्खपणा निदान एका पेटीखाली संपेल.

ग्राड्स मार्चमध्ये गेला, सकाळी, दूध काढायच्या वेळी. डिकानं मला बोलावलं. डॉक्टर येऊन कागद करून गेले. तिनं घड्याळ थांबवलं, आरशावर कापड टाकलं, आणि रोल्फला, मुलाला, अमर्सफोर्टला फोन केला. मग काळा कोट चढवला. "त्याच्याजवळ बस," म्हणाली. "मी सांगून येते." मयताच्या घरात असं म्हणू नये, पण तिचा चेहरा उजळला होता. शेताच्या बांधावरून ती गेली ती पोरीसारखी भराभर.

ती गेली आणि थोड्या वेळानं मागच्या अंगणात एक राखाडी गाडी येऊन थांबली. राखाडी सुटातले दोन तरुण उतरले. हात मिळवले, दुःखात सहभागी आहोत म्हणाले. चिरंजीवांचा फोन आला होता, म्हणाले, आम्ही त्यांना न्यायला आलोय.

"कुठं न्यायला? ते इथंच राहणार. त्यांचा नोबर येतोय, तो धुणार त्यांना."

"आपण घरच्या का?"

"नाही. शेजारीण."

त्यातला एकजण इतक्या मऊपणानं हसला की मला त्याच्या कानाखाली द्यावीशी वाटली. "मग आपल्याला उगाच त्रास नको," तो म्हणाला.

मी रोल्फला फोन लावला. तो गाडीत होता, रडत होता. "फेना मावशी, आईनं फार सोसलंय. आता तिनं काही करायचं नाही. मी सगळं ठरवलंय."

"अरे, ठरवायचं काय त्यात? सगळं ठरलेलंच आहे. एगबर्ट येतोय."

"कोण एगबर्ट? ज्याच्याशी बाबा बोलत नव्हते तो? आत्ता, आजच्या दिवशी, तो माणूस बाबांना हात लावणार?"

याला काय सांगू? भांडण झालं तेव्हा पोर पाळण्यातून नुकतं उतरलं होतं. ज्या घरात तो वाढला त्या घराला पहिला शेजारीच नव्हता. मी म्हटलं, आईला तरी येऊ दे. तो म्हणाला, तिनं ते बघायला नको, म्हणूनच तर. आणि त्या तरुणांना फोन द्यायला सांगितला.

मोठं दार आमच्याकडं लग्नाला आणि मयताला उघडतात. त्यांनी ग्राड्सला स्वयंपाकघराच्या दारातून नेलं, गाडी तिकडं उभी होती म्हणून. मी वाटेत उभी राहिले तर "सांभाळून हं, बाई" म्हणत मला कोपराला धरून बाजूला केलं.

तिकडं काय झालं ते डिकानं नंतर सांगितलं. एगबर्टनं डॉक्टरांची गाडी पाहिली होती. दाढी करून, काळा सूट घालून तो दार उघडं टाकून बसला होता. ती उंबऱ्यावर उभी राहिली आणि म्हणाली, "एगबर्ट, ग्राड्स गेला." तो उठला, टोपी काढली आणि म्हणाला, "मग मी येतो." तीस वर्षांनी एवढंच बोलले दोघं, आणि तेवढं पुरलं. तिथून तो तडक इकडं आला असता तर.

पण एगबर्ट एगबर्टच. आधी शिवारातल्या प्रत्येक घरी वर्दी द्यायची आणि मगच मयताच्या घरात पाऊल टाकायचं, ही रीत. हातात पिशवी घेतली, आत साबण, टॉवेल आणि ग्राड्सची दाढी करायला वस्तरा, आणि निघाला फेरीला. डिका त्याच्याबरोबर चालली, कारण आता तिची सगळी जबाबदारी त्याच्यावर होती, आणि तिला ते बरं वाटत होतं. कॅस्परकडं लुसला सांगितलं. मग ते बंद घर. ते अॅमस्टरडॅमच्या कोणा डॉक्टरनं सुट्टीसाठी घेतलंय. वर्षातून दोनदा उघडतं.

"अरे, इथं कोणी नाही," डिका म्हणाली.

"घर तर आहे ना," एगबर्ट म्हणाला. त्यानं टोपी काढली, बंद दारावर टकटक केली, थांबला, आणि लाकडी झडपांना मोठ्यानं सांगितलं, "ग्राड्स हावेरकाम्प गेला. शेजाऱ्यांनी यावं."

तिथून आमची वाट अरुंद आहे. समोरून राखाडी गाडी आली. एगबर्टनं डिकाचा हात धरला आणि दोघं खाली गवतात उतरून उभे राहिले, गाडीला जागा करून दिली. गाडीवाल्यानं हात वर करून आभार मानले. एगबर्टनंही टोपीला हात लावला. आमच्याकडं तशी पद्धतच आहे.

दोघं आले तेव्हा मी पलंगाजवळच बसले होते. चादरीत अजून त्याचा खळगा होता.

"कुठं आहे?" एगबर्टनं विचारलं.

मी सांगितलं. डिका पलंगाच्या कडेवर बसली. म्हणाली, "आपणच वाट दिली त्यांना."

एगबर्टनं पिशवी खाली ठेवली, परत उचलली. मग तो स्वयंपाकघरात गेला आणि कॉफी केली. शेजाऱ्याच्या कामांतलं तेवढं एकच शिल्लक होतं.

दहन शहरात ठेवलं होतं. 'फक्त घरच्यांसाठी', कारण आईला गर्दी सोसणार नाही, असं रोल्फचं म्हणणं. वाईट नाही तो. बापासाठी त्यानं चांगली पेटी घेतली होती, आणि ती भाड्याच्या सहाजणांनी उचलली, हातमोजे घातलेल्या. एगबर्ट आणि मी बसनं गेलो. दारात एका मुलीनं गोड आवाजात विचारलं, "घरचे का?"

"पहिला शेजारी," एगबर्ट म्हणाला.

"शेजाऱ्यांसाठी नंतर कॉफी आहे," ती म्हणाली. "त्या बाजूच्या खोलीत."

मी तोंड उघडलं होतं. तिच्या सात पिढ्यांच्या लक्षात राहील असं काहीतरी बोलणार होते. एगबर्टनं माझं कोपर दाबलं. "मयताच्या दारात नको, फेने." डिका पुढच्या रांगेत होती, तिला काही कळलं नाही. आम्ही बाहेर गाड्यांमध्ये उभे राहिलो. आत संगीत वाजत होतं तोवर तो टोपी काढून उभा होता, डावीकडं, पेटीच्या पुढच्या टोकाशी उभं राहतात तसा. पाऊस पडत होता. मी त्याला टोपी घाल म्हटलं नाही.

नंतर केक होता. रोल्फनं येऊन हात मिळवला. "आलात, बरं वाटलं, शेजारी," म्हणाला. डिकानं एगबर्टकडं पाहिलं आणि मान खाली घातली. तिला जे एकच करायचं होतं ते झालं नव्हतं, आणि आता ते कधीच होणार नव्हतं.

उन्हाळ्यात रोल्फनं तिला अमर्सफोर्टला नेलं, घर विकायला काढलं. जाण्याआधी ती एगबर्टच्या उंबऱ्यावर जाऊन आली. काय बोलली ते तिनं सांगितलं नाही, मी विचारलं नाही. फोन करते कधीकधी. तिथं शेजार कसा आहे विचारलं तर म्हणते, शांत आहे.

परवा एगबर्ट माझ्याकडं आला. काळा सूट घालून आला, तेव्हाच मी हातातलं काम खाली ठेवलं. आत बसला नाही, उंबऱ्यावरच उभा राहिला. त्याच्या घराला आता पहिला शेजारीच उरला नाही. पुतणे पलीकडच्या गावातले, ते नात्याचे झाले, शेजारी नव्हेत.

"मी गेलो की तू सांगायला जा," तो म्हणाला. "तू घरची नाहीस, पण दुसरं कोण जाणार?"

"जाईन. पण कोणाला सांगू, एगबर्ट? ग्राड्सचं घर बंद. कॅस्परचा मंगळवार आणि गुरुवार. राहिलं कोण?"

त्यानं खरोखरच विचार केला. एकेक घर डोळ्यांपुढं आणत होता, ते मला दिसत होतं.

"बंद असलं तरी सांग," तो म्हणाला. "टकटक कर, थोडी थांब, आणि सांग. फेरीत घर वगळू नये."

मी बरं म्हटलं. माझ्या वेळी कोण फिरणार, हे मी त्याला विचारलं नाही.