पैलवानाचा कमरपट्टा

मी एक जुना, रुंद, चामड्याचा कमरपट्टा आहे. मोच्याने मला दुहेरी टाके घालून शिवले आणि गिऱ्हाइकाला म्हणाला, "हा तुमच्यापेक्षा जास्त टिकेल बघा!" मित्रांनो, तेव्हा मी फुशारलो. पुढे त्याच वाक्याने माझी झोप उडवली.

माझा मालक लोकांचे घरसामान हलवायचा. सगळे त्याला पैलवान म्हणत. हमालांच्या टोळीत फ्रीज एकट्याने जिन्यावरून नेणारा तो खरा गडी. 'जरा हात लाव रे' म्हणणाऱ्याची दिवसभर टर उडायची. पैलवानाने कधीच हात मागितला नाही. गुडघे न वाकवता, श्वास कोंडून तो कपाटे उचलायचा. सिगारेटची ढास लागली की त्याचे सुटलेले पोट माझ्यावर आदळायचे. पाणी प्यायचा कंटाळा, भाजीशी वैर, मग सकाळी कुंथत बसणे. बायको बोलून बोलून थकली होती.

एके दिवशी बेंबीपाशी मला लिंबाएवढा फुगवटा लागला. पैलवान आडवा झाला की फुगवटा आत जायचा, खोकला की बाहेर. मी हादरलो. पैलवानही घाबरला होता, पण घरी चकार शब्द काढला नाही. मला एक भोक पुढे आवळले आणि पुटपुटला, "पट्टा आहे ना, राहील आत."

अहो, मी चामडे! पोटाचा आतला फाटलेला पडदा मी बाहेरून कसा सांधणार? माझ्या भरवशावर तो आणखी जड उचलू लागला. रोज सकाळी बक्कल लागले की मला मोच्याचे ते वाक्य आठवायचे.

आणि तो दिवस आलाच. वॉशिंग मशीन घेऊन जिना चढताना फुगवटा दगडासारखा कडक झाला. आत जाईना. मशीन कसेबसे टेकवून तो पायरीवर बसला आणि भडाभडा ओकला. चेहरा पांढराफटक.

टोळीतला जोडीदार धावत आला. पैलवान कण्हत म्हणाला, "काही नाही रे... पट्टा एक भोक आवळ."

"आवळ कसलं? आधी काढतो तो!"

मी सुटलो. पैलवानाने जोडीदाराचे मनगट धरले. "मला भीती वाटतेय रे. जरा हात लाव."

जोडीदाराने त्याला तडक दवाखान्यात नेले. हर्नियाचे ऑपरेशन वेळेत झाले. उशीर झाला असता तर अडकलेले आतडे सडले असते, असे डॉक्टरीणबाई म्हणाल्या. आता तो सिगारेट ओढत नाही, भाजी मुकाट्याने खातो, आणि सामान ढकलगाडीवर नाहीतर दोघांत नेतो.

मी खुंटीवर धूळ खातोय. खाऊ द्या. मित्रांनो, जड वस्तूला वेळेवर हात मागा, फुगवटा दिसला तर डॉक्टरांना दाखवा. त्या मोच्याचे बोलणे खोटे ठरू द्या.