ओवीची दुसरी ओळ

“मॅडम, एक थोबाडीत बसवा की,” अमरेश फोनवर म्हणाला. “मालिकेच्या दोनशे अकराव्या भागात. पंच्याण्णवाव्यानंतर राजवीरनं हातच उचललेला नाही. ऐकणारे गळायला लागलेत.”

“आणि मारल्यावर?”

“नेहमीचं. पश्चात्ताप, पाऊस, मिठी. पाऊस जरा जास्तच घ्या ह्या वेळी.”

संयोगिताने फोन ठेवला. हुपरीतल्या त्यांच्या घराचा पुढचा सोपा म्हणजे तिच्या भावाचा, सयाजीचा, पैंजणांचा कारखाना. चांदी उजळायच्या आम्लाचा वास तिथून उठून स्वयंपाकघरापर्यंत यायचा. बालपणापासून त्या वासात वाढलेल्या तिला तो कधी जाणवत नसे. आज मात्र तो थेट घशात उतरला.

तेवीस वर्षं ती प्रेमकथा लिहीत होती. पहिली खिशात मावेल एवढी कादंबरी छापताना कोल्हापूरचे प्रकाशक म्हणाले होते, “संयोगिता पाटील नावानं प्रेम कोण वाचणार, ताई?” आणि त्यांनीच तिचं नाव नीलाक्षी ठेवलं. नीलाक्षीच्या एकतीस कादंबऱ्या भाड्याच्या वाचनालयांतून फिरल्या. त्यांची पानं हळदीच्या बोटांनी पिवळी होऊन परत यायची, तेव्हा तिला फार बरं वाटायचं. नायक आधी घोड्यावरून आला, मग जीपमधून, मग परदेशी गाडीतून. नायिकेचं मनगट मात्र तेवीस वर्षं नाजूकच राहिलं. तिला स्वतःला बघायला आलेल्या एका स्थळाने ‘मुलगी असलं लिहिते’ म्हणून निरोप पाठवला, आणि त्यानंतर कुणी बघायला आलं नाही.

वाचनालयं बंद पडली तसं मोबाईलवरचं ॲप आलं. नीलाक्षी आता वाचायची नाही, ऐकायची झाली. मालिकेचं नाव ‘पैंजण’, नायक राजवीर, नायिका अनुजा. सुरुवातीला काहीतरी मातीतलं हवं, असं ॲपच्या ऑफिसातला अमरेश म्हणाला, तेव्हा संयोगिताने आपल्या आईची ओवी दिली. झुंबरबाई, तिची आई, घुंगरं लावता लावता गायची. जातं घरातून गेलं तरी गळ्यातली ओवी गेली नव्हती. ओवी दोन ओळींची. अमरेशला पहिलीच आवडली. “दुसरी नको मॅडम, मूड जातो,” तो म्हणाला. आणि संयोगिता म्हणाली, “चालेल.” आईला जाऊन तेव्हा दोन महिनेही झाले नव्हते.

ती सोप्यात आली. पाच-सहा बायका पोत्यावर गोल बसून पैंजणांना घुंगरं जोडत होत्या. मधल्या परातीत घुंगरांचा ढीग, आणि ढिगाशेजारी बाळाबाईचा फोन, मोठ्या आवाजात.

‘पायातल्या पैंजणा, वाज लेकीच्या चालीला…’

कुणा शहरी मुलीने गायलेली आईची ओळ. एकच. एका पायाने लंगडत चालल्यासारखी.

सौंदर्या खाली मान घालून बसली होती. पलीकडच्या गल्लीतली सून, माहेर निपाणीकडचं. नेहमी बडबडणारी पोर आज गप्प, आणि पदर डाव्या गालावर.

“गालाला काय झालं गं?” संयोगिताने विचारलं.

“कुठं काय, अक्का.”

“अगं, दाव की,” बाळाबाई म्हणाली. “लेखिका हाय ती. तिच्या कामाला यील.”

बायका हसल्या. सौंदर्याही हसली, आणि हसताना गाल दुखला म्हणून थांबली. पदर सरला. चार बोटं उमटली होती, निळी पडलेली.

“रागावलं हुतं घरातलं,” ती म्हणाली. यशराज, तिचा नवरा, शिरोलीला फौंड्रीत होता. “पण सांच्याला गुजरीतल्या सराफाकडनं पैंजण आणलं, अक्का! सोताच्या हातानं घातलं. आणि पक्कडीनं कडी दाबून टाकली बघा, निघू ने म्हणून. राजवीरनं अनुजाला न्हाय का घातलं, तस्संच! कंपनीच्या गाडीत त्यो बी ऐकतोय की तुमची गोष्ट.”

तिने दोन्ही पाय पुढे केले. संयोगिता वाकली. प्रत्येक पैंजणाचं शेवटचं घुंगरू आत वळवलेलं होतं. साडीत अडकू नये म्हणून असं आत वळवणारा हात ह्या सोप्यात एकच होता.

“ही तुझ्याच हातची जोडी.”

“व्हय की! मी बी लगेच वळखलं,” सौंदर्या म्हणाली. तिला ती गंमतच वाटत होती. मग कोवळ्या, समजूतदार आवाजात म्हणाली, “जेवढी माया तेवढा राग, अक्का.”

संयोगिता तशीच वाकलेली राहिली.

ते वाक्य तिचं होतं. भाग पंच्याण्णव. अमरेशला पहिली थोबाडीत हवी होती, आणि कुकरच्या तीन शिट्ट्या होईपर्यंत तिने ती लिहून टाकली होती. त्यापुढे पैंजण, पक्कड, दाबलेली कडी. ‘आता तू माझ्यातून निघू शकत नाहीस.’ लिहिताना तिला स्वतःलाच किती गोड वाटलं होतं. त्या भागाला सगळ्यात जास्त ऐकणारे मिळाले, म्हणून अमरेशने घरी पेढे पाठवले होते. तिने खाल्ले होते.

ती मागच्या दारी गेली. चूळ भरली. पुन्हा भरली. तोंडातली चव जाईना. कुणाच्या तरी ताटातलं उष्टं आपण चावतोय, आणि ते ताटही आपणच वाढलेलं, असं काहीतरी. तिला राजवीरची किळस आली, पावसाची आली, त्या नाजूक मनगटाची आली. आणि सगळ्यांच्या खाली, तळाला, स्वतःची.

त्या दुपारी तिने दोनशे अकरावा भाग लिहिला. राजवीर हात उचलतो. अनुजा पैंजण तोडते, उंबऱ्यावर ठेवते आणि जाते. पाऊस पडत नाही.

दुसऱ्या दिवशी अमरेशचा फोन.

“मॅडम, हे काय लिहिलंय? बाई गेली तर दोनशे बारामध्ये मी काय लावू?”

“ती गेली, हेच लाव.”

“बायकांना हे नको असतंय ओ. त्या दमून-भागून ऐकत्यात.”

“त्यांना काय हवं ते मीच शिकवलंय, अमरेश. तेवीस वर्षं.”

पोरगा वाईट नव्हता. “नीलाक्षी हे नाव करारात आमचं आहे, मॅडम. तुम्ही नाही लिहिलं तर दुसरं कोणतरी लिहील. कळणारसुद्धा नाही कुणाला.”

कळलं नाहीच. गुरुवारी दुपारी सोप्यात फोन लागला. लंगडी ओवी झाली, ‘लेखिका नीलाक्षी’ झालं. थोबाडीत बसली. त्याच्यामागे असा पाऊस, की घुंगरं लावणारी बोटं थांबली. राजवीर रडू लागला. बाळाबाईने पदराने डोळे पुसले.

“काय लिवतीस गं पोरी,” ती म्हणाली. “काळीज हलतंय.”

संयोगिताने हात पुढे केला आणि फोन बंद केला.

“अगं ए! आत्ता तर मिठी मारणार हुता!”

“हे मी लिहिलेलं न्हाय,” संयोगिता म्हणाली. मग म्हणाली, “हे न्हाय. पण आधीचं सगळं मीच लिहिलंय. ती पक्कड बी माझीच.”

कुणाला काही उमगलं नाही. सौंदर्याची मान तेवढी वर झाली.

“आणि ती ओवी. आईची हाय. तिला दुसरी ओळ हाय.”

“मग म्हण की,” बाळाबाई कुरकुरली. “फोन तर बंद केलासच.”

संयोगिताला गळा नव्हता. आई म्हणायची, तू लिही, गाऊ नको. तिने दोन्ही ओळी नुसत्या म्हटल्या, घुंगरं मोजून द्यावीत तशा:

पायातल्या पैंजणा, वाज लेकीच्या चालीला,
मुका हो रे बाबा, ती निघताना रातीला.

परातीत कुणाच्या तरी हातून एक घुंगरू पडलं.

“ह्यात काय मजा न्हाय बाई,” बाळाबाई शेवटी म्हणाली. “लाव गं फोन.” आणि फोन पुन्हा लागला. राजवीरने मिठी मारली. संयोगिता उठून आत गेली. तेवीस वर्षांत जे शब्द पेरले, ते दोन ओळींनी उपटायला निघालो आपण, असं मनात येऊन तिला आणखीच किळस आली.

सौंदर्या त्या आठवड्यात कामाला आली नाही. तिच्या दारावरून संयोगिता दोनदा गेली. दार बंद होतं.

सोमवारी उजाडता उजाडता ती सोपा झाडायला आली, तर कट्ट्यावर कुणीतरी बसलेलं. आवाज कसा आला नाही, ह्याचं तिला नवल वाटलं. सौंदर्या होती. मांडीवर कापडी पिशवी. ओठ फाटलेला.

“कडी निघंना, अक्का,” ती म्हणाली. “लई वडली.”

संयोगिताने खाली पाहिलं. दोन्ही पैंजणांना जुन्या लुगड्याच्या चिंध्या गुंडाळल्या होत्या. घट्ट, एकेका घुंगरावरून फिरवून, एकही वाजू नये अशा. त्या बोटांचं काम तिने कुठेही ओळखलं असतं.

“चहा ठेवू?”

“आधी ह्ये तोडा. मग निपाणीची गाडी हाय साडेसातची.”

संयोगिताने भावाच्या कामाच्या पाटावरून चांदी कापायची कात्री आणली आणि जमिनीवर बसली. सौंदर्याचा पाय तिने आपल्या मांडीवर घेतला. चिंधी सोडली नाही. कापडासकट कडी कात्रीत धरली आणि दाबली. चांदी तुटली, तिचाही आवाज झाला नाही.