धुऊन काढलेला चिखल

मित्रांनो, मी एक जुना कोट आहे. पण मी नवा असतानाच जुना झालो, हे तुम्हाला खरं वाटायचं नाही.

सोव्हिएत काळातल्या एका फिल्म स्टुडिओत मला शिवलं. सिनेमातली घरं कशी दिसावीत, माणसांनी काय घालावं, हे तिथे नीनाबाई ठरवत. मी एका सैनिकाचा कोट. शेवटचं बटण लागलं आणि बाई तारेचा ब्रश घेऊन माझ्यावर धावून आल्या! उजवा खांदा घासला, कारण तिथे बंदुकीचा पट्टा असे. डावं कोपर विरवलं, कारण घरच्या पत्राची वाट बघत तो खिडकीला टेकून बसे. खाली डिंक आणि भुशाचा चिखल लावला. मला भारी राग आला होता. पुढे पडद्यावर मला पाहून लोक रडले, तेव्हा कुठे माझा राग गेला.

तीस वर्षं बाईंनी असंच काम केलं, पण पोस्टरवर त्यांचं नाव कधी आलं नाही. मग देश मोडला, स्टुडिओ बंद पडला, चित्रांच्या वह्या ओल लागून गेल्या. उरलो मी एकटा. बाईंच्या लेकीची नोकरी इकडे, म्हणून आम्ही अबू धाबीला मोहम्मद बिन झायद सिटीत आलो. इथल्या उकाड्यात कोट कोण घालणार? मी डांबराच्या गोळ्या हुंगत कपाटात पडून राहिलो.

यंदा जुन्या सिनेमांतल्या कपड्यांचं प्रदर्शन ठरलं. माझ्याखाली पाटी लागणार होती आणि तिच्यावर नीनाबाईंचं नाव. वयाच्या चौऱ्याऐंशीव्या वर्षी, पहिल्यांदाच! त्या रोज कपाट उघडून मला बघत.

बाईंना सांभाळायला चिपळूणकडची सत्यभामा असते. फार मायेची. प्रदर्शनवाले मला न्यायला येणार त्याच्या आदल्या दुपारी, बाई झोपल्या असताना, तिनं मला बाहेर काढलं आणि कपाळावर हात मारला.

"अगो बाई! हा असा फाटका चारचौघांत पाठवायचा? लोक म्हणतील, आजींकडे बघणारं कोणी नाही."

तिनं चिखल खरवडला, मला कोमट पाण्यानं पुसलं, कोपराला बारीक रफू केलं. मी जीव तोडून ओरडत होतो, पण कोटाचं ऐकतो कोण! बाल्कनीतल्या उन्हात मी तासाभरात वाळलो.

दुसऱ्या दिवशी प्रदर्शनाचा क्रिस्टोफर आला. वसईचा, त्यामुळे मराठीच बोलला. त्यानं मला फोटोशी ताडून पाहिलं.

"ताई, हा तर एकदम नवीन दिसतो. आम्हाला ओरिजिनल कंडिशनमध्येच पाहिजे होता. सॉरी. लिस्ट आजच क्लोज होतेय, खलास."

तो गेला. करायला गेली एक आणि झालं भलतंच, हे कळून सत्यभामा बाईंकडे धावली. "आजी, मैंने तो अच्छे के लिए किया," म्हणत रडू लागली.

नीनाबाईंनी जुना ब्रश काढून माझ्या खांद्यावर टेकवला. पण घासलं नाही, ब्रश बाजूला ठेवून दिला. मग त्या कोपरावरच्या रफूवरून बराच वेळ बोटं फिरवत राहिल्या. "हाथ अच्छा है," सत्यभामाकडूनच शिकलेल्या हिंदीत त्या म्हणाल्या.

सत्यभामानं डोळे पुसले. "आजी, यहाँ क्या था?"

"खिड़की," बाई म्हणाल्या. "चिट्ठी नहीं आती थी."

मित्रांनो, जुनी वस्तू पुसण्याआधी तिच्या माणसाला एवढंच विचारा. सत्यभामानं ते एक दिवस आधी विचारलं असतं, तर आज माझ्याखाली नीनाबाईंचं नाव असतं.