घंटेतलं कुरण

बेगायिमच्या यंत्राला गावात सगळे चक्की म्हणत. खाली जाड पितळी तबकडी, तिच्याखाली अखंड फिरणारं चाक आणि वर पालथी घातलेली काचेची घंटा, पाणी घालायला एक बारीक भोक असलेली. ही चक्की काळ दळायची. काचेच्या आत तो इतका भराभर पळे, की बाहेर आठवडा सरेपर्यंत आत दहा वर्षं उलटून जात. मूठभर माती, चार खडे आणि थोडं पाणी ठेवलं की आत हळूहळू एक मुलूख तयार व्हायचा. नखाएवढ्या डोंगरावर बर्फ साचायचं, वितळायचं, धाग्यासारखा ओढा आपली वाट काढायचा. आत जे उगवे ते मात्र खुरटंच राही, कारण बाहेरच्या दिव्याचा उजेड एवढ्या वर्षांत वाटला गेला की अगदी पातळ होई. उलट आतला उजेड बाहेर येताना निळसर होऊन येई, त्यामुळे खोलीच्या त्या कोपऱ्यात भर दुपारीही संध्याकाळ झाल्यासारखी वाटे.

यंदा चक्कीत घातलेली माती सारी-तोरच्या कुरणातली होती. कुरणाच्या वरची खाण बंद पडली, पण तिची करडी धूळ वाऱ्याने खाली उतरली आणि गवत गेलं. गावाची मेंढरं उन्हाळाभर दुसऱ्यांच्या कुरणांच्या कडेकडेने चरत. गावात वयाने सर्वांत मोठे दोलोत, सगळ्यांचे आके, म्हणजे थोरले दादा. त्यांनी वसंतातच सांगून टाकलं होतं, "पोरी, तुझ्या चक्कीत सारी-तोर आपलं आपण हिरवं झालं तर आम्ही थांबू. नाही झालं तर यंदा मेंढरं विकून खाली शहरात जाऊ. म्हातारपणी चौथ्या मजल्यावर राहून बघू."

याच मातीचे आधीचे दोन मुलूख करडेच राहिले होते. हा तिसरा. गावाची बैठक शुक्रवारी होती.

गुरुवारी सकाळी बेगायिमने भिंग लावलं. डोंगराच्या पूर्वेच्या उतारावर हिरवी लव होती. तिने काच पुसली, दिवा हलवून पाहिला, पुन्हा बघितलं. लव तिथेच होती. मग ती तशीच घरच्या चपलांवर दोलोत आकेंना बोलवायला गेली.

आके आले. डोक्यावरची उंच पांढरी टोपी न काढता वाकून कितीतरी वेळ भिंगातून बघत राहिले.

"यात मेंढरं नाहीत होय?"

"आत सोडली तर आठवड्यात म्हातारी होतील, आके."

"माझी आत्ताच म्हातारी आहेत. मालकावर गेलीत."

"मालक निदान दाढी विंचरून आलाय," चहा ओतता ओतता बेगायिमची सासू बुरुल म्हणाली. "मेंढरांची कोण विंचरणार?"

आके हसले. त्यांचे डोळे भरून आले होते, म्हणून ते जरा जास्तच हसले. चहाचा वाडगा एका दमात संपवून ते उठले. "मी सगळ्यांना सांगून येतो. मेंढरं घ्यायला व्यापारी उद्या येतोय. त्याला म्हणावं, आल्या वाटेने परत जा."

"अहो, नान न चाखता उंबरा ओलांडता?" बुरुल ओरडली. "लाज नाही वाटत? त्या काचेतल्या मुलखानेसुद्धा चाखला, आणि तुम्ही!"

आके मुकाट्याने मागे फिरले, नानचा तुकडा मोडून तोंडात टाकला.

बेगायिमच्या हातातला वाडगा तसाच राहिला. "आपा, कुणी चाखला म्हणालात?"

"अगं, घरात आलेलं कुणी नान न चाखता राहतं का? आधीचे दोघे बिचारे उपाशी गेले. म्हणून याला पाण्याच्या भोकातून एक चुरा घातला. चिमणीच्या चोचीएवढा. तू तेव्हा शाळेवर शिकवायला गेली होतीस."

आके चावत होते. यातलं काही त्यांच्या लक्षात आलं नव्हतं.

बेगायिमला मात्र सगळं दिसलं. चिमणीच्या चोचीएवढा चुरा म्हणजे आत एक टेकडी. तिला बुरशी आली असणार, ती कुजली असणार, ओढ्याने पसरली असणार आणि वर्षानुवर्षं मातीला पोसत राहिली असणार. हिरवी लव बरोबर भोकाच्या खालीच सुरू होत होती. ते तिने सकाळीच पाहिलं होतं आणि पाण्यामुळे असेल म्हणून सोडून दिलं होतं.

गप्प बसलं तर गाव थांबणार होतं. बुरुलने आयुष्यात कधी जिना चढला नव्हता. तिला तो चढावा लागणार नव्हता. आणि येणाऱ्या प्रत्येक वसंतात मेंढरं सारी-तोरवर जाऊन करडी धूळ चाटणार होती.

"आके, बसा," बेगायिम म्हणाली. "हे कुरण आपलं आपण हिरवं झालेलं नाही. त्याला खाऊ घातलंय."

तिने सगळं सांगितलं. बुरुलचा चेहरा उतरला. "म्हणजे मी बिघडवलं?"

"प्रयोग बिघडला, आपा."

"एकच झालं की."

आकेंनी दाढी चोळली. "खाऊ न घालता करडं?"

"दोनदा पाहिलं."

"आणि घालून हिरवं?"

"एकदाच. एकदा पाहिल्यावर विश्वास ठेवायचा नसतो."

"लग्नाआधी बायकोला मी एकदाच पाहिलं होतं."

"तिने तुम्हाला दोनदा पाहायला हवं होतं," बुरुल पुटपुटली.

"अख्ख्या कुरणाला पुरेल एवढा नान आणायचा कुठून?" आकेंनी विचारलं.

"नानच पाहिजे असं नाही. कुजणारं काहीही. शेण चालेल."

तिघांचीही नजर चुलीकडे गेली. या उंचीवर झाड नाही. हिवाळाभर प्रत्येक चुलीत वाळलेलं शेणच जळतं.

"अर्धं वर न्यायचं म्हटलं," आके हळूच म्हणाले, "तर अर्धी घरं गार."

"एका खोलीत झोपायचं मग," बुरुल म्हणाली. "पूर्वी तंबूत काय चार खोल्या होत्या?"

"किती वर्षं?" आकेंनी विचारलं.

"ते मला आज सांगता येणार नाही," बेगायिम म्हणाली. "कदाचित जमणारही नाही."

"उद्या बैठकीत हे असंच सांगशील? चुऱ्यासकट? सून वडीलधाऱ्यांपुढे बोलते म्हणून नाकं मुरडतील," आके म्हणाले.

"मुरडू देत."

शुक्रवारी तिने सांगितलं. पुष्कळांनी नाकं मुरडली आणि पाच घरांनी त्याच दुपारी मेंढरं विकली. बाकीच्यांनी व्यापाऱ्याला चहा पाजून रिकाम्या हाती परत पाठवलं.

शनिवारी बेगायिमने चाक थांबवलं आणि काच उचलली. निळा उजेड गेला. ती हिरवी लव आता साध्या उन्हात, सगळ्यांच्या वेगाने वाढायला लागली. बुरुलने तो मुलूख एका तबकात सरकवून खिडकीत नेऊन ठेवला आणि त्याच्यापासून चार हात लांब बसली.

बाहेर दोलोत आके घोड्यावरून पोतं उतरवत होते.

"पोरी, वाळलेलं पाहिजे की ओलं?"

"दोन्ही आणा, आके. आधी चक्कीत घालून बघू."