पहिल्या ओळीच्या खाली

सकाळी थोरली जाऊ चहाचं पातेलं उतरवायला वाकली आणि वाकलेलीच राहिली. एक हात ओट्यावर, दुसरा कमरेवर. धाकटी शेजारीच डबे भरत होती.

"जाऊबाई, काय झालं?"

"काही नाही गं. थांब जरा, होते सरळ."

आतून सासूबाई म्हणाल्या, "कंबर ना? बाईची कंबर दुखायचीच. मी तीन बाळंतपणं काढली, कधी बोभाटा केला नाही."

"तुमची कंबर लोखंडाची, आई," थोरली दात आवळून हसली. "आमच्या वेळेपर्यंत माल संपला होता."

सासूबाईही हसल्या. विषय तिथेच मिटला. त्या घरात तो नेहमी असाच मिटायचा.

दोघी जावा एकाच रुग्णालयात कामाला होत्या. थोरली तळघरातल्या धुलाईखान्यात. यंत्रातून ओल्या चादरींचे पिळे उचलायचे, ढकलगाडीत टाकायचे, पुन्हा वाकायचं. अकरा वर्षं तिनं हेच केलं होतं. धाकटी दुसऱ्या मजल्यावर, कोडिंगच्या खोलीत. डॉक्टरांनी लिहिलेल्या आजाराला ठरलेला आकडा द्यायचा, एवढंच तिचं काम. विमा कंपनीचं यंत्र तो आकडा वाचून ठरवायचं की पुढची तपासणी मंजूर करायची की नाही. रोगी कसा दिसतो, कसा चालतो, हे त्या यंत्राला कुठून कळणार? त्याला आकडा तेवढा कळायचा.

खोलीत कंबरदुखीसाठी एक बटण ठरलेलं होतं. सात नंबरचं. ते दाबलं की पडद्यावर उमटायचं : 'कंबरदुखी, कारण अनिश्चित.' फाईल उघडायची, डॉक्टरांची पहिली ओळ बघायची, सात दाबायचं. त्या ओळीखाली रोग्यानं नर्सला सांगितलेली हकीगत असायची, पण खाली जायची पद्धत नव्हती. दिवसाला दीडशे फायली. एखादीबद्दल डॉक्टरांना विचारणा केली की ती लटकायची, डॉक्टर वैतागायचे आणि विभागप्रमुख मॅडम मनगट पुढे करून घड्याळ दाखवायच्या. पाठीमागे सगळे त्यांना घड्याळबाई म्हणत.

"बाई आणि कंबर? डोळे मिटून सात!" असा तिथला विनोद होता. धाकटीही त्याला हसत आली होती. हा नियम कुणी लिहिलेला नव्हता, म्हणून तो मोडायचं कुणाला सुचतही नव्हतं.

त्या दिवशी दुपारी थोरली तिसऱ्यांदा डॉक्टरांकडे गेली. जे घरी कुणाला सांगितलं नव्हतं ते तिनं खालच्या आवाजात नर्सला सांगितलं. नर्सनं शब्द न् शब्द लिहून घेतला. डॉक्टरांच्या दाराबाहेर साठ माणसं होती. त्यांनी वर न बघता लिहिलं : कंबरदुखी. स्कॅन हवा का, या चौकटीत खूण केली, आणि पुढचा रोगी बोलावला.

तासाभरानं ती फाईल दुसऱ्या मजल्यावर आली. ओळखीपाळखी चालू नयेत म्हणून कोडिंगच्या खोलीत नावं झाकलेली असत. नंबर, स्त्री, वय बेचाळीस. धाकटीच्या एका हातात चहाचा कप होता. दुसऱ्या हातानं तिनं सात दाबलं.

संध्याकाळी विमा कंपनीचं उत्तर आलं. स्कॅन नामंजूर. सहा आठवडे गोळ्या आणि विश्रांती.

"काय म्हणाले डॉक्टर?" धाकटीनं घरी विचारलं.

"साधंच आहे म्हणे. फोटोची गरज नाही."

"मग चांगलंच की, जाऊबाई!" ती मनापासून म्हणाली.

थोरली काहीतरी बोलणार होती. पण समोर सासूबाई भाजी निवडत बसल्या होत्या. ती उठून आत गेली.

चौथ्या दिवशी थोरली धुलाईखान्यात ओल्या चादरींवर कोसळली. पाय कुठे आहेत तेच तिला कळेना. ऑपरेशन झालं. बाहेर येऊन सर्जन म्हणाले, "मणक्याखालच्या नसा पार दबल्या होत्या. तीन-चार दिवस आधी कळायला हवं होतं." डावा पाय ओढत चालावं लागेल. लघवीची नळी कदाचित जन्मभर राहील.

धाकटीनं खाटेला अडकवलेल्या कागदावरून नंबर घेतला आणि वर जाऊन जुनी फाईल उघडली. पहिल्यांदाच ती पहिल्या ओळीच्या खाली गेली.

'डावं पाऊल बधिर. बसायच्या जागी स्पर्श कळत नाही. कालपासून लघवी होते तेही समजत नाही. रुग्ण म्हणते, घरी कळवू नका.'

कोड देणाऱ्याची खूण तिची स्वतःची होती.

ती खाटेपाशी आली. "जाऊबाई, ते बटण मी दाबलं."

थोरलीनं मान तिच्याकडे वळवली. "तू वाचलं होतंस?"

"नाही."

"लाज गिळून सांगितलं होतं गं मी. वाटलं, एवढं लिहून घेतायत, तर कुणीतरी वाचेल."

धाकटीला हुंदका आवरेना.

"रडू नकोस इथे," थोरली म्हणाली. "उठून तुला पाणीसुद्धा देता येत नाही मला."

दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत धाकटीच्या अकराच फायली झाल्या. घड्याळबाई येऊन उभ्या राहिल्या.

"अकरा? काय करतेस काय?"

"वाचतेय."

"आपण काय वाचत बसायला आलोय इथे?"

"मग कशाला आलोय, मॅडम?"

खोलीतली सगळी बटणं थांबली. घड्याळबाईंनी आवाज खाली आणला. "तुझ्या घरी वाईट झालं, मला दिसतंय. पण पद्धतीप्रमाणे तुझं काम बरोबरच आहे. चौकशी झाली तर तसं लिहून देते मी."

"नका देऊ."

"मग उद्यापासून इथं तुझी खुर्ची राहील असं सांगत नाही."

थोरलीचा पगार आता बंद होता. घर आता मुख्यतः धाकटीच्याच पगारावर होतं. तोवर पडद्यावर बारावी फाईल उघडली होती. नंबर दोनशे सतरा, स्त्री, वय एकोणतीस. पहिली ओळ : कंबरदुखी. खाली : 'दोन्ही मांड्या आतून बधिर. सकाळपासून लघवी कळत नाही.' नोंद अर्ध्या तासापूर्वीची.

तिनं डॉक्टरांना फोन लावला. वाजत राहिला. पुन्हा लावला. मग कागद छापून घेतला आणि जिन्याकडे धावली.

औषधांच्या खिडकीपुढे गर्दी होती. "दोनशे सतरा!" ती ओरडली. आयुष्यात ती कधी अशी ओरडली नव्हती. "दोनशे सतरा कोण आहे?"

भिंतीला धरून उभी असलेली एक बाई हळूच वळली. हातात गोळ्यांची पुडी होती.

"मी. माझं काही चुकलं का?"

"नाही हो. तुम्ही सगळं बरोबर सांगितलंत." धाकटीनं तिचा हात आपल्या खांद्यावर घेतला. "चला. आता हे मी त्यांना मोठ्यानं वाचून दाखवते."

दोघी पावलापावलानं डॉक्टरांच्या दाराशी आल्या. रांग मोडली म्हणून मागून कुणीतरी ओरडलं. धाकटीनं दार ढकललं आणि आत पाऊल टाकायच्या आधीच वाचायला सुरुवात केली.